चार पाट्यांवरची बायको

शहरातल्या निम्म्या दुकानांच्या पाट्या ज्याने रंगवल्या, त्याच्या स्वतःच्या दारावर मात्र पाटी नव्हती. दिव्याखाली अंधार म्हणतात तो हाच. दाराशेजारी भिंतीत दोन मोठे खिळे तेवढे होते. पेंटरने ते लग्नानंतर दुसऱ्याच महिन्यात मोठ्या उत्साहाने ठोकले होते, पत्राही कापून तयार ठेवला होता, आणि तेवढ्यात एका हॉटेलवाल्याचं घाईचं काम आलं. पत्रा हॉटेलवर गेला, खिळे राहिले. पुढे त्या खिळ्यांवर बायको बाजाराच्या पिशव्या अडकवायची आणि पिशवी अडकवताना न चुकता विचारायची, "आपली पाटी कधी?" पेंटर म्हणायचा, हे हातातलं काम संपू दे. काम काही संपलं नाही. चाळीस वर्षं अशीच गेली आणि मग बायको गेली.

पेंटर तसा गुणी माणूस, पण शब्दाचा कच्चा. सोमवारी देतो म्हटलेली पाटी त्याने कधी सोमवारी दिली नाही. गिऱ्हाईक दारात येऊन विचारायचं, पेंटर आहेत का? बायको दारात उभी राहायची आणि पेंटर आतून, ओला ब्रश हातात धरून, हळूच म्हणायचा, "नाहीत म्हणून सांग." ती तसं सांगायची. सरळ तोंडावर खोटं बोलायची, आणि गिऱ्हाईक चरफडत गेलं की आत येऊन हसायची. ही त्यांच्या संसारातली रोजची करमणूक होती. लोकांना हे माहीत नव्हतं अशातला भाग नाही. पण दारातली बाई इतक्या ऐटीत खोटं बोलायची की तिच्याशी वाद घालायला कुणी धजायचं नाही.

आता पेंटर बहात्तरचा होता. ती गेल्याला तीन वर्षं झाली होती. धंदा तिच्याही आधी गेला होता, फ्लेक्स छापणारं मशीन आलं तेव्हा. मशीनला चहा लागत नाही आणि मशीन पुढच्या सोमवारचा वायदा करत नाही, त्यामुळे लोकांचं काय चुकलं म्हणा. पेंटर रडक्या स्वभावाचा नव्हता. सकाळी उठून तो आपले ब्रश टर्पेंटाइनमध्ये धुवायचा, पुसायचा, मापाप्रमाणे लावून ठेवायचा. ब्रशांना रंग लागलेला नसायचाच, पण धुवायची सवय होती.

अकरा वाजता धाकटी यायची. धाकटी म्हणजे बायकोची धाकटी बहीण. वय चौसष्ट, पण सगळं शहर तिला धाकटीच म्हणायचं. बहीण गेल्यापासून ती स्कूटरवरून भावोजींचा डबा आणायची. तिची स्कूटर लोक लांबूनच ओळखत, म्हणजे वेळेत फुटपाथवर चढत. जिभेला हाड नाही. डबा टेबलावर ठेवायच्या आधी ती खोलीतल्या चार चुका सांगून मोकळी व्हायची, आणि पाचवी डबा उघडताना.

त्या दिवशीची पाचवी चूक अशी होती, की भिंतीवर ताईचा एक फोटो नाही.

आता फोटो लावायचा तर असायला हवा ना. बायको फोटोत कधी धड आलीच नव्हती. कॅमेरा समोर आला की ती हसायची, आणि हसली की तोंडावर हात धरायची. अल्बमभर तिचा हात होता. ओळखपत्रावर एक फोटो होता, पण त्यात ती अशी दिसत होती की जणू नुकतीच चोरी करताना सापडली आहे. धाकटी म्हणाली, एवढे पेंटर ना तुम्ही, मग काढा की हाताने. पेंटर म्हणाला, त्यात काय, तुझा चहा होईपर्यंत काढतो.

त्याने कागद घेतला, पेन्सिल घेतली, खिडकीशी बसला. चहा झाला, गार झाला. कागदावर एक गुबगुबीत बाई आली होती. पेंटरने तिला ओळखलं. ती बेकरीच्या पाटीवरची बाई होती. त्याने कागद उलटा केला आणि पुन्हा काढलं. या वेळी चष्म्याच्या दुकानावरची आली. तिसऱ्या कागदावर सलूनवरची आली, केस वगैरे चोपून बसवलेली. पेंटरने डोळे मिटले. बायकोचा आवाज आठवला. ती जिना चढताना तिसऱ्या पायरीवर थांबायची ते आठवलं. तिच्या साबणाचा वास आठवला. चेहरा आठवायला गेला तर चेहऱ्याच्या जागी पाट्याच यायला लागल्या, एकामागून एक. त्याची पाचावर धारण बसली. चाळीस वर्षं जिला समोर बसवून चित्रं काढली तिचाच चेहरा आपण विसरलो, हे त्याला कळलं, आणि हे धाकटीला कसं सांगावं ते मात्र कळेना.

सांगितलं शेवटी. धाकटी एरवी अशा वेळी दोन वाक्यं जास्तच बोलली असती. ती म्हणाली, चहा प्या आधी.

या पाट्यांची गोष्ट मात्र सांगायला हवी. पेंटरला अक्षरं सुंदर यायची, पण बाईचा चेहरा समोर कुणी बसल्याशिवाय यायचा नाही. त्यामुळे पाटीवर बाई हवी असली की तो बायकोला स्टुलावर बसवायचा. तीही बसायची, मटार सोलत, बडबड करत. बेकरीच्या पाटीसाठी तिने पावाऐवजी उशी छातीशी धरली होती. पण तिची एक अट होती. "मला बाजारात जायचं असतं," ती म्हणाली होती. "एका पाटीवर अख्खी मी दिसता कामा नये. कुठे डोळे घ्या, कुठे नाक घ्या. अख्खी फक्त आपल्या दारावर." पेंटरने अट पाळली. चष्मेवाल्याला तिचे डोळे दिले, बेकरीवाल्याला चेहऱ्याची ठेवण आणि नाक, सलूनला केस आणि कपाळ, आणि दातांच्या डॉक्टरला हसू. रेडिओ दुरुस्तीवाल्याला एक कानही दिला होता. ते दुकान कधीच बंद झालं, पण कानाचं एवढं काही नव्हतं. पेंटर म्हणायचा, कान तिने फारसा वापरलाच नाही, ऐकायचं खातं माझ्याकडे होतं.

चहा पिता पिता त्याला युक्ती सुचली. बायको चार तुकड्यांत का होईना, शहरात टांगलेली होती. तुकडे गोळा केले तर अख्खी होईल.

धाकटीला हे इतकं पटलं की तिने डबा वाढायच्या आत हेल्मेट घातलं. आणि घाई करायला कारणही निघालं. चष्मेवाल्याच्या मुलाला दुकानावर झगमगणारी नवी पाटी हवी होती. जुनी पाटी शनिवारी उतरणार होती, आणि आज होता गुरुवार.

चष्मेवाला म्हातारा स्वतःच बाटलीच्या बुडासारखा चष्मा लावून बाहेर आला. त्याने पेंटरला मिठी मारली, शिडी काढून दिली आणि वर बघत उभा राहिला. पेंटर शिडी चढला. धाकटीने शिडी धरली आणि खालून बहात्तर वर्षांच्या माणसाने शिडीवर कसं चढू नये यावर भाषण सुरू केलं. पेंटरने खडू लावलेली दोरी पाटीवर ताणून टणकन सोडली. सरळ रेघ उमटली. तशा उभ्याआडव्या रेघांनी डोळ्यांवर चौकटी आखल्या आणि एकेक चौकट मापाने वहीत उतरवून घेतली. खाली चष्मेवाला जुन्या आठवणीत रमला होता. "तुम्ही पहिल्यांदा डावी भुवई अशी वर चढवून आणली होती, आठवतं? मी म्हटलं, पेंटर, ही बाई माझ्या गिऱ्हाइकावर संशय घेतेय. मग सरळ केलीत." दोघं खूप हसले.

तिथून बेकरीत. बेकरीवाल्याने तिघांना पुरतील एवढी ट्रेभर बिस्किटं पुढे केली आणि पाटी बघत म्हणाला की हिच्यामुळे धंदा झाला. सुरुवातीला पेंटरने हडकुळी बाई काढून आणली होती, गाल बसलेले. माझ्या दारात उपाशी बाई नको, असं त्याने तेव्हा बजावलं होतं. पेंटरने मग गाल फुगवले. पाटी लागल्यावर बायको ती बघायला आली होती आणि नवऱ्याला एवढंच म्हणाली होती, "एवढं खायला घातलंत का कधी?" बेकरीवाल्याला हे वाक्य अजून पाठ होतं. धाकटी बिस्किट खाता खाता हसली आणि तिला ठसका लागला.

सलूनचं काम पाऊण तासात उरकलं. तिथल्या बाईने पेंटरचे केसही कापून दिले, नको नको म्हणत असताना.

राहिलं हसू, आणि इथे घोडं पेंड खायला लागलं. दातांचे डॉक्टर म्हातारे होऊन मुलीकडे राहायला गेले होते. जाताना त्यांनी पाटी पेंटरला परत केली होती. आणि पेंटरने तिचं काय केलं? जे कुठलाही पेंटर करतो तेच. जुना पत्रा फेकायचा नसतो, त्यावर पांढरा हात मारायचा आणि नवीन पाटी रंगवायची. आपल्या बायकोच्या हसण्यावर त्याने स्वतः पांढरा रंग फासला होता, आणि वर काय काढलं होतं ते आता आठवत नव्हतं.

घरी येऊन तो जुन्या वह्या काढून बसला. प्रत्येक पाटीचं माप त्याने लिहून ठेवलेलं असायचं. डॉक्टरांच्या दारावर पाण्याचा पाइप होता, त्यामुळे त्या पत्र्याचा एक कोपरा कापावा लागला होता. कोपरा कापलेला पत्रा पुन्हा कुठे वापरला? वहीत सापडलं. रस्त्याच्या टोकाला बूट दुरुस्त करणाऱ्याची टपरी होती, तिची पाटी. म्हणजे घरापासून पन्नास पावलांवर. गेली अकरा वर्षं पेंटर रोज त्या पाटीखालून जात होता. "काखेत कळसा आणि गावाला वळसा," धाकटी म्हणाली, आणि चप्पल घालून पुढे निघालीसुद्धा.

बूटवाल्याला आधी वाटलं, म्हातारा भ्रमिष्ट झाला. माझ्या पाटीवरच्या बुटाखाली तुमची बायको आहे? धाकटीने त्याला समजावलं. तिच्या समजावण्यापुढे फार वेळ कुणी टिकत नसे. नवीन पाटी करून देईन आणि बूट याहून मोठा काढीन, असं पेंटरने कबूल केलं. कधी देणार, असं बूटवाल्याने विचारलं. पेंटर म्हणाला, येत्या नाही, पुढच्या सोमवारी. धाकटी खोकली.

पत्रा घरी आला. टेबलावर आडवा ठेवून पेंटरने पातळ पात्याने बुटाच्या कडेला हलकेच खरवडलं. त्याला धाकधूक होती. रंगावर रंग घट्ट बसला असेल तर वरचा काढताना खालचाही जातो. पण ते काम त्याने त्या वेळी घाईत केलं होतं. खालचा रंग घासून खरबरीत करायला हवा होता, तो केला नव्हता. बायको तेव्हा दारातून म्हणाली होती, कामचुकारपणा करताय, निघेल तो रंग. तो खरंच निघाला. कांद्याच्या सालीसारखे पापुद्रे सुटायला लागले. आधी टाच गेली, मग नाडी गेली, आणि संध्याकाळच्या उन्हात बुटाखालून हसू वर आलं. पेंटरच्या डोळ्यांत पाणी आलं. त्याने पातं खाली ठेवलं आणि धाकटीचा हात धरून तिला टेबलाभोवती दोन गिरक्या घ्यायला लावल्या. ती म्हणाली, गुडघे, भावोजी, गुडघे. पण तिनेही गिरक्या घेतल्या.

पुढचे सहा दिवस पेंटर सुखात होता. तीन वर्षांत इतका नव्हता. नवा पत्रा कापला, घासला, दोन हात पांढरा मारला, वाळवला, पुन्हा घासला. या वेळी एक पायरी चुकवली नाही. वहीतल्या चौकटी मोठ्या करून पत्र्यावर उतरवल्या. डोळे बसले, नाक बसलं, कपाळावर केस आले, ओठ आले. रंग तोच वापरला, तीच छटा. सकाळी उठल्या उठल्या तो ब्रश हातात घ्यायचा. दूधवाल्याला दारातच थांबवून सांगायचा, बायको येते आहे. दूधवाल्याने पहिल्या दिवशी चेहरा पाडला, दुसऱ्या दिवसापासून तोही विचारायला लागला, कुठपर्यंत आली?

सातव्या दिवशी चित्र पुरं झालं. धाकटी आली, डबा हातातच ठेवून समोर उभी राहिली. बराच वेळ बघत राहिली. मग अगदी मनापासून म्हणाली, "सुंदर आहे. कोण आहे ही?"

पेंटरही सकाळपासून स्वतःला हेच विचारत होता. बाई देखणी होती, हसरी होती, तिचे दात एका रांगेत होते. तिच्याकडे बघून कुणीही पाव घेतला असता, चष्मा घेतला असता. पण ती जिना चढून आली नसती. धाकटीने डबा ठेवला, एकही चूक न सांगता. जाताना तिने दार हळू ओढून घेतलं.

दोन दिवस पेंटरने ब्रश धुतले नाहीत. चित्र भिंतीकडे तोंड करून ठेवलं. त्याला वाटलं, झालं, आता ती खरंच गेली. तीन वर्षांपूर्वी गेली त्याहून जास्त गेली. जेवणावर वासना राहिली नाही. धाकटी येऊन नुसती बसायची आणि तिचं ते गप्प बसणं पेंटरला आणखीनच जड जायचं.

तिसऱ्या दिवशी, करायला काही नव्हतं म्हणून, त्याने अल्बम उघडला. हात, हात, हात. प्रत्येक फोटोत तोंडावर हात. मग अगदी शेवटी, वेगळ्या पाकिटात, लग्नानंतरच्या पहिल्या सहलीचा एक फोटो निघाला. तळ्याकाठी उभी असलेली बायको, लांबून काढलेली, नखाएवढी. चेहरा काही दिसत नव्हता. पण एवढं दिसत होतं की ती हसते आहे आणि तिचे दोन्ही हात कमरेवर आहेत.

म्हणजे आधी ती तोंडावर हात धरत नव्हती. मग कधीपासून धरायला लागली? पेंटरने अल्बम पुन्हा पहिल्यापासून चाळला, फोटोमागच्या तारखा वाचल्या, मापाच्या वह्यांशी ताडून पाहिल्या. आणि उत्तर सापडलं. दातांच्या डॉक्टरांची पाटी लागली त्या वर्षापासून.

तो दिवस त्याला आठवला. पाटी नुकतीच चढवली होती, तो शिडीवरून उतरत होता, आणि बायको बाजारातून येत होती. पिशवी या हातातून त्या हातात घेत ती थांबली, वर बघितलं. डॉक्टरांनी साहजिकच सांगितलं होतं, दात सरळ काढा, माझी पाटी आहे. पेंटरने काढले होते. बायकोने वर बघितलं, मग नवऱ्याकडे बघितलं, डावी भुवई वर गेली, आणि ती म्हणाली, "हे दात डॉक्टरांचे आहेत. माझे मी घरी घेऊन जाते." आणि हसली. वरचा एक दात शेजारच्यावर चढलेला होता, खट्याळ, रांग मोडून पुढे आलेला. बसलेल्या गालात खळी नव्हती, रेघ पडायची, एकाच बाजूला. आणि कानाजवळची ती एक बट, जी सलूनवालीने बसवायला सांगितली होती, ती वाऱ्यावर तिच्या तोंडात जात होती आणि ती फुंकर मारून उडवत होती.

पेंटर खुर्चीत बसल्या बसल्या मोठ्याने रडला आणि रडता रडता हसायला लागला. ती समोर उभी होती, अख्खी, पिशवी घेऊन. पाट्यांवर त्याने तिचं सगळं दिलं होतं, आणि ती ज्यामुळे ती होती तेवढंच नेमकं काढून घेतलं होतं. जे दुकानदारांनी नको म्हटलं, ते सगळं तीच होती. तिने विनोद केला आणि त्याने तो विनोदच समजला. पुढे तीस वर्षं ती फोटोत तोंडावर हात धरत राहिली आणि याला वाटत राहिलं, लाजते.

त्याने चित्र सरळ केलं आणि तिची मनातल्या मनात माफी मागितली. मग ब्रश घेतला. हे काम चौकटी न आखता केलं. कुठे काय दुरुस्त केलं होतं ते त्याला एकेक करून पाठ होतं, फक्त उलटं करायचं होतं. गाल खाली बसवले. भुवई वर चढवली. ती चढताच बाई संशयाने बघायला लागली, आणि पेंटर तिला म्हणाला, थांब जरा, येतोय. बट सोडली. दात सर्वांत शेवटी ठेवला होता. एक पांढरा फटकारा, त्याच्याखाली करडी सावली, बस. पाऊण मिनिटाचं काम. तो मागे सरला आणि त्याला भिंत लागली, कारण बघता बघता तो खोलीभर मागे आला होता.

रंग वाळायला दोन दिवस लागले. तेवढ्यात त्याने बूटवाल्याची पाटी केली आणि नेऊन दिली. सोमवारी. बूटवाल्याला चक्कर यायची बाकी होती. धाकटीला त्याने काहीच सांगितलं नाही. ती आली की चित्रावर चादर असायची, आणि तिनेही विचारलं नाही. तिला वाटलं, भावोजींनी नाद सोडला.

तिसऱ्या दिवशी सकाळी पेंटर दाराबाहेर गेला. दाराशेजारच्या दोन खिळ्यांवरचा गंज घासून काढला, त्यांवर पाटी टांगली, पातळीत आहे का ते मान वाकडी करून पाहिलं. अक्षर एकही लिहिलं नव्हतं. अक्षराची गरज नव्हती. ती दारात उभी होती, भुवई चढवून, तोंडावर हात न धरता, अख्खी, आपल्या दारावर. चाळीस वर्षं उशीर झाला होता, पण पेंटरची कुठली पाटी वेळेवर लागली होती? तो आत गेला आणि बूटवाल्याने मित्रासाठी सांगितलेलं एक नवं काम पुढ्यात घेऊन बसला.

अकराला स्कूटर आली. बंद झाली. मग जिन्यावर पावलं वाजली, आणि नेहमीसारखं दार ढकललं गेलं नाही. बाहेर धाकटी थांबली होती. चौसष्ट वर्षांच्या आयुष्यात चाळीस वर्षं जे ती या दारात येऊन विचारत आली होती, तेच तिने विचारलं. विचार करून नाही, हातातला डबा सावरता सावरता, तोंडातून आपोआप निघालं तसं.

"ताई, भावोजी आहेत का घरात?"

आत पेंटरचा ब्रश थांबला. मग तोही विचार न करता, जुन्या सवयीने, हळूच म्हणाला,

"नाहीत म्हणून सांग."

दाराबाहेर डबा पडल्याचा आवाज आला, आणि मग धाकटीचं हसणं, आणि त्यातच तिचं रडणं, आणि पेंटर उठून दार उघडायला गेला.